सुटला म्हणजे ती खोटी ठरली काय?

घनसावंगीच्या बसस्टँडसमोर चहा पिताना परवा एकाने मोबाइल पुढे केला. अपहरण आणि बलात्काराच्या कुठल्याशा खटल्यात हायकोर्टाने आरोपीला सोडल्याची चार ओळींची बातमी होती. वाचून संपायच्या आत शेजारच्या टेबलावरून निकाल आला, "बघा, मंजी पोरगीच लबाड होती." दुसऱ्याने आधी आरोपीचं नाव विचारलं आणि नाव ऐकल्यावर मग आपलं मत ठरवलं. ते नाव मी इथे सांगणार नाही, कारण माझी तक्रार नेमकी त्याबद्दलच आहे. नाव आपल्यातलं असलं की आपण म्हणतो, पोराला गोवलं. नाव पलीकडचं असलं की हेच वाक्य पलीकडचे म्हणतात. पुरावा काय होता, हे दोन्हीकडे कुणी विचारत नाही.

दोन समजुती आपल्याकडे घट्ट बसल्या आहेत. एक, आरोपी सुटला म्हणजे ती खोटी. दोन, अटक झाली म्हणजे तो गुन्हेगारच. दोन्ही चुकीच्या आहेत. आणि दुःख याचं की कधी कधी खुद्द न्यायालयांनीही चहाच्या टेबलासारखाच विचार केला आहे. तेही स्पष्ट बोललं पाहिजे.

आधी रस्ता समजून घेऊ. आपल्या तालुक्यात गुन्हा नोंदवला, की खटला चालतो सत्र न्यायालयात. त्यावरचं अपील जातं मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाकडे. जालना जिल्हा 1981 च्या मे महिन्यात झाला आणि हे खंडपीठ त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये. तिथून पुढे दिल्ली. या सगळ्या प्रवासात ती मुलगी पिंजऱ्यात उभी राहते ती साधारणपणे एकदाच, खालच्या कोर्टात. वर जातात ते कागद: फिर्याद, जबाब, पंचनामा, डॉक्टरांचा दाखला, रासायनिक तपासणीचा अहवाल, उलटतपासणीची नोंद. वरच्या न्यायमूर्तींना तिचा चेहरा दिसत नाही. कोणत्या प्रश्नाला तिचा आवाज अडकला आणि कोणत्या प्रश्नाला ती रडली, हे कागदावर क्वचितच उतरतं. म्हणजे पहिल्या रात्री ठाण्यात जमादाराने घाईत जे लिहिलं, तेच पुढे दिल्लीपर्यंत तिच्या वतीने बोलतं.

कागद नव्याने तपासायचा पूर्ण अधिकार अपील न्यायालयाला आहे. हे 1934 मध्ये प्रिव्ही कौन्सिलने सांगून ठेवलं. मात्र खालच्या कोर्टाने आरोपीला सोडलं असेल, तर त्याचं निर्दोषत्व अधिक पक्कं धरलं जातं. एकाच पुराव्यातून दोन अर्थ निघू शकत असतील तर सुटका उलटवायची नाही, हे सुप्रीम कोर्टाने 2007 च्या चंद्रप्पा निकालात पुन्हा एकदा नीट मांडलं. हा नियम मला मान्य आहे. गरिबाच्या पोराला खोट्या खटल्यातून वाचवणारा तोच नियम आहे. पण त्याचा अर्थ नीट घ्या. "गुन्हा संशयापलीकडे सिद्ध झाला नाही" एवढंच कोर्ट म्हणतं. पंच फितूर झाला, मुद्देमालाचं सील तुटकं निघालं, वयाचा दाखला टिकला नाही, अशी सुटकेची कारणं असू शकतात. यातल्या एकाही कारणाचा अर्थ "मुलगी खोटं बोलली" असा होत नाही.

वयाचंच घ्या. अपहरणाच्या खटल्याचा अर्धा जीव वयात असतो. मुलगी 18 च्या आतली असेल तर तिच्या संमतीला कायद्यात किंमत नाही, तिला पालकांच्या ताब्यातून नेणं हाच गुन्हा. 18 पूर्ण असेल तर चित्रच बदलतं. आणि आपल्याकडे वय ठरतं कसं? शाळेत नाव घालायला आजोबा गेले, गुरुजींनी तारीख विचारली, आजोबांनी "पाऊस लागायच्या आधी झाली" म्हणून सांगितलं, गुरुजींनी 1 जून लिहिलं. अर्धा मराठवाडा 1 जूनला जन्मलेला आहे! हीच नोंद पुढे निर्गम उताऱ्यावर येते आणि खटल्यात पुरावा म्हणून उभी राहते. बाल न्याय कायद्याच्या कलम 94 मध्ये क्रम ठरलेला आहे: आधी शाळेचा जन्मतारखेचा किंवा मॅट्रिकचा दाखला, तो नसेल तर नगरपालिका किंवा ग्रामपंचायतीचा जन्मदाखला, तोही नसेल तर हाडांची तपासणी. 2023 मध्ये सुप्रीम कोर्टाने तमिळनाडूतल्या एका खटल्यात सांगितलं की, शाळा सोडल्याचा दाखला किंवा प्रवेश रजिस्टरचा उतारा म्हणजे या कलमातला जन्मतारखेचा दाखला नव्हे. आरोपी सुटला. कोर्टाचं चुकलं असं मी म्हणत नाही. पण त्या दाखल्याची किंमत मोजावी लागते ती जन्माची नोंद न केलेल्या घरातल्या मुलीला.

आता न्यायालयांकडे वळतो. 26 मार्च 1972 ची रात्र. तेव्हाच्या चंद्रपूर आणि आताच्या गडचिरोली जिल्ह्यातलं देसाईगंज. एका अनाथ, मोलमजुरी करणाऱ्या आदिवासी मुलीच्या भावाने ठाण्यात तक्रार दिली, की बहिणीला पळवून नेलं आहे. म्हणजे सुरुवात अपहरणाच्या तक्रारीनेच झाली. डॉक्टरांनी तिचं वय 14 ते 16 च्या दरम्यान ठरवलं होतं. जबाब झाले, बाकीच्यांना बाहेर जायला सांगितलं गेलं, तिला मात्र थांबवून घेतलं गेलं. ठाण्यातच एका शिपायाने तिच्यावर बलात्कार केल्याचा आणि हवालदाराने विनयभंग केल्याचा आरोप होता. त्या मुलीचं नाव देशभर त्या खटल्याचंच नाव होऊन बसलं. मी ते इथे लिहीत नाही. पीडितेचं नाव छापू नये हा कायदा 1983 मध्ये आला तो याच प्रकरणानंतर, आणि त्याचा फायदा तिला स्वतःला मिळाला नाही.

सत्र न्यायालयाने 1974 मध्ये दोघांना सोडलं. तिथे ती खोटारडी ठरली. तिला आधीपासून संबंधांची सवय होती, म्हणून संमतीही तिचीच धरली गेली. 1976 मध्ये उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने तोच कागद वाचून शिक्षा दिली. मध्यरात्रीच्या सुमाराला ठाण्यात दोन गणवेशधारी अनोळखी माणसांसमोर एकटी मुलगी निमूट राहिली, तर त्याला संमती म्हणत नाहीत, लाचारी म्हणतात, असं न्यायमूर्तींनी सांगितलं. मग सप्टेंबर 1978 मध्ये सुप्रीम कोर्टाने ती शिक्षा रद्द केली. कारण? अंगावर जखमा नाहीत, आरडाओरडा नाही, प्रतिकाराची खूण नाही.

कागद तिन्ही कोर्टांसमोर तोच होता. निकाल फिरला तो पुराव्यामुळे नव्हे, "बाईमाणसाने अशा वेळी कसं वागायला हवं होतं" या न्यायाधीशांच्या मनातल्या चित्रामुळे. हा पुरावा तोलणं नव्हे. ही बाई तोलणं आहे.

वर्षभराने, सप्टेंबर 1979 मध्ये, उपेंद्र बक्षी, वसुधा धागमवार, रघुनाथ केळकर आणि लतिका सरकार या चार कायद्याच्या अभ्यासकांनी सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं. 8 मार्च 1980 ला बाया रस्त्यावर उतरल्या. 1983 मध्ये कायदा बदलला: कोठडीत संबंध आल्याचं सिद्ध झालं आणि बाई "माझी संमती नव्हती" म्हणाली, तर कोर्टाने ते खरं धरून चालायचं. तिचं चारित्र्य वाईट होतं, असं दाखवून साक्ष पाडायची मुभा देणारं कलम 155 (4) मात्र 2002 च्या दुरुस्तीपर्यंत टिकलं. प्रतिकार केला नाही एवढ्यावरून संमती ठरत नाही, हे कायद्यात स्पष्ट यायला 2013 उजाडलं. डॉक्टरांची ती घाणेरडी "दोन बोटांची" तपासणी अवैज्ञानिक आहे, हे सेवाग्रामच्या डॉ. इंद्रजित खांडेकरांनी अहवाल लिहून 2010 मध्ये मांडलं. 2013 मध्ये सुप्रीम कोर्टाने ती चुकीची ठरवली, आणि ऑक्टोबर 2022 मध्ये सांगावं लागलं की यापुढे अशी तपासणी करणारा गैरवर्तनाचा दोषी धरला जाईल. एका देसाईगंजने लावलेली ही वाट 50 वर्षांची आहे.

नागपूरचा आणखी एक खटला आपल्या वाचकांनी लक्षात ठेवावा असा आहे. ऑगस्ट 1981. नुकताच निकाह झालेलं एक मुस्लिम जोडपं लॉजमध्ये उतरलं होतं. एक फौजदार रात्री तिथे पोचला. आम्ही नवरा-बायको आहोत असं सांगूनही नवऱ्याला कोठडीत टाकलं गेलं आणि त्या फौजदाराने त्या मुलीवर बलात्कार केला. सत्र न्यायालयाने शिक्षा दिली. उच्च न्यायालयाने जबाबातल्या फरकांवर आणि दुजोऱ्याच्या अभावावर बोट ठेवून त्याला सोडलं. जानेवारी 1990 मध्ये सुप्रीम कोर्टाने ती सुटका रद्द केली. तो निकाल न्या. ए. एम. अहमदी यांनी लिहिला. त्यातला मुद्दा साधा आहे: अत्याचार झालेली बाई ही गुन्ह्यातली साथीदार नव्हे, की तिच्या शब्दाला दुसऱ्या कुणाचा टेकू लागावा. ती जखमी साक्षीदारासारखी आहे. तिची साक्ष मनाला पटत असेल तर तेवढी पुरेशी आहे.

वाटेल, चला, प्रश्न मिटला. नाही मिटला. जानेवारी 2021 मध्ये नागपूर खंडपीठाच्याच एका निकालात 12 वर्षांच्या मुलीच्या बाबतीत असं ठरवलं गेलं की, कपड्यांवरून हात लावला, कातडीला कातडी लागली नाही, म्हणून पोक्सोतला लैंगिक हल्ला होत नाही. सुप्रीम कोर्टाने आधी स्थगिती दिली आणि 18 नोव्हेंबर 2021 ला तो निकाल रद्द केला. हेतू बघायचा, कापड नव्हे, हे सांगायला देशाच्या सर्वोच्च न्यायालयाला बसावं लागलं.

इथे मला नेहमी एक प्रश्न येतो, आणि तो रास्त आहे. "एकट्या बाईच्या शब्दावर शिक्षा द्यायची, तर उद्या कुणालाही आत टाकतील. आपल्या पोरांवर तर आधीच डोळा आहे." हा प्रश्न मी टाळणार नाही.

2003 मधलं महाराष्ट्रातलं एक भयंकर प्रकरण आहे. दरोडा, सामूहिक बलात्कार आणि एकाच कुटुंबातल्या पाच जणांचे खून. पकडले गेले ते भटक्या जमातीतले सहा गरीब मजूर. 2006 मध्ये सत्र न्यायालयाने सहाही जणांना फाशी दिली. 2007 मध्ये उच्च न्यायालयाने तिघांची फाशी कायम केली, तिघांना जन्मठेप दिली. 2009 मध्ये सुप्रीम कोर्टाने त्या तिघांनाही फाशीवर चढवलं. तीन कोर्टं झाली. आणि 5 मार्च 2019 ला, पुनर्विचाराच्या अर्जावर, न्या. सिक्री, न्या. अब्दुल नझीर आणि न्या. शाह यांच्या खंडपीठाने सहाही जणांना निर्दोष सोडलं, प्रत्येकी 5 लाख रुपये भरपाई द्यायला राज्य सरकारला सांगितलं आणि तपासातल्या दोषी अधिकाऱ्यांवर कारवाईचा आदेश दिला. तोवर त्यांच्या आयुष्याची सोळाएक वर्षं गेली होती.

का सुटले ते नीट ऐका. हल्ल्यातून वाचलेल्या बाईने दुसऱ्या-तिसऱ्या दिवशीच पोलिसांच्या फोटोंच्या अल्बममधून वेगळीच चार माणसं ओळखली होती. तसा जबाब दंडाधिकाऱ्यांसमोर झाला होता. त्या चौघांचा तपासच झाला नाही. म्हणजे त्या बाईचं पहिल्याच दिवशी नीट ऐकलं असतं, तर हे सहा जण फासाच्या दारापर्यंत गेलेच नसते. बाईवर विश्वास ठेवला म्हणून निरपराध अडकले, असं इथे झालेलं नाही. बाईचं खरं म्हणणं बाजूला सारलं म्हणून ते अडकले. आणि खरे गुन्हेगार कधी हाती लागले नाहीत, तिला इन्साफही मिळाला नाही.

म्हणून "बाईच्या बाजूचे" आणि "आरोपीच्या बाजूचे" अशी वाटणीच मला मान्य नाही. देसाईगंजची मुलगी आणि हे सहा मजूर एकाच आजाराचे बळी आहेत. गरीब, आदिवासी, भटका, मुसलमान, यांच्या तोंडचा शब्द ठाण्यात कागदावर उतरतानाच मोडतो. मोडलेला कागद घेऊन मग अपील चालतं.

तो मोडलेला कागद कसा वाचायचा, हेही आपल्याच उच्च न्यायालयाने दाखवलं आहे. बिल्किस बानो, जिने स्वतःच्या नावाने लढा दिला, तिचा खटला गुजरातमधून मुंबईत आणला गेला होता. 2008 मध्ये 11 जणांना जन्मठेप झाली. अपिलात बचावाचा मोठा आधार हा, की ठाण्यातल्या पहिल्या फिर्यादीत बलात्काराचा उल्लेखच नाही. 4 मे 2017 ला मुंबई उच्च न्यायालयाने ती फिर्याद तिच्यावर उलटवली नाही, लिहिणाऱ्यांवर उलटवली. 11 जणांची जन्मठेप कायम राहिली आणि सुटलेल्या सात जणांना, म्हणजे पाच पोलीस आणि दोन डॉक्टरांना, दोषी ठरवलं गेलं. फिर्यादीत काय नाही, याआधी फिर्याद कुणी लिहिली आणि का तशी लिहिली, हे विचारायचं. अपील न्यायालयाकडून माझी एवढीच मागणी आहे.

आता आपल्याशी. आपली मुलगी परक्या मुलासोबत गेली की आपण अपहरणाचं कलम घेऊन ठाण्यात जातो, आपल्या मुलासोबत परकी मुलगी आली की त्याच कलमाला जुलूम म्हणतो. स्वतःहून घर सोडलेल्या, जाणत्या मुलीच्या सोबत जाणं म्हणजे तिला "नेणं" नव्हे, हे सुप्रीम कोर्टाने 1964 मध्येच वरदराजन खटल्यात सांगितलं आहे. अशा फिर्यादी देणारी मुलगी नसते, बाप किंवा भाऊ असतो. पुढे त्या कोर्टात पडल्या की खऱ्या अत्याचाराची फिर्याद घेऊन येणाऱ्या मुलीकडेही सगळे संशयाने बघतात. हे पाप घरच्या पुरुषांचं, आणि फेडते ती कुणा दुसऱ्याची मुलगी.

दुसरं, मिटवामिटवी. अत्याचाराची गोष्ट कानावर आली की आधी चार वडीलधारे बसतात. "इज्जतीचा सवाल आहे, सबुरीने घ्या." आठ दिवस जातात. मग फिर्याद होते, आणि उलटतपासणीत पहिला प्रश्न येतो, "आठ दिवस गप्प का होता?" उशीर पटेल असा समजावून सांगितला तर त्याने फिर्याद पडत नाही, हे 1996 च्या गुरमीत सिंग निकालात आहे. पण उशीर करायला लावणारे तो समजावायला कोर्टात कधी येतात?

आणि कुणी चार साक्षीदारांची गोष्ट काढली तर त्याला सांगा, ती अट बाईवर तोहमत लावणाऱ्याला आहे, अत्याचार सोसलेल्या बाईला नाही. सूरह यूसुफमधला कुर्त्याचा किस्सा आपल्या घरातल्या पोरांनाही पाठ आहे. साक्ष देणारा त्या बाईच्याच घरचा होता. त्याने कुणाचा हुद्दा पाहिला नाही. कुर्ता पुढून फाटला की मागून, एवढं बघायला सांगितलं. काही जण हा किस्सा "बाया आळ घेतात" एवढ्यासाठीच सांगतात. मला त्यात दिसतं ते असं, की आपल्या माणसाविरुद्ध जाणारा पुरावा आपल्याच माणसाने समोर ठेवला. आणि कुर्ता मागून फाटलेला निघूनही कैदखान्यात गेले ते यूसुफ अलैहिस्सलामच, कारण दुसऱ्या बाजूला वजीराचं घर होतं. पुरावा एकीकडे आणि ताकद दुसरीकडे असली की काय होतं, हे त्या किस्स्यातच आहे.

म्हणून काही कामाच्या गोष्टी. मूल जन्मलं की 21 दिवसांत ग्रामपंचायतीत किंवा नगरपंचायतीत नोंद करा. फिर्याद दिल्यावर ती वाचून दाखवायला सांगा, चुकीचं लिहिलं असेल तर सही करू नका, आणि प्रत मागा, ती मोफत मिळते. हद्द आमची नाही म्हणून कुठल्याही ठाण्याला परत पाठवता येत नाही. पोक्सोत मुलाचा जबाब घरी घेता येतो आणि घेणाऱ्याने गणवेशात असायचं नसतं. आणि आरोपी सुटला तर सगळं संपलं असं मानू नका: 31 डिसेंबर 2009 पासून पीडितेला सुटकेविरुद्ध स्वतः अपील करायचा हक्क आहे, सरकारच्या मर्जीवर थांबायचं कारण नाही. वकील परवडत नसेल तर जालन्याला जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे. बाईला तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. ज्यांच्या घरात आरोपी आहे त्यांनाही सांगतो, तुरुंगात असलेल्या माणसालाही तिथून वकील मिळतो. दोघांनीही तो मागावा.

त्या दिवशी बसस्टँडवर मी एवढंच विचारलं, "निकाल वाचला का कुणी? मुलगी खोटी असं कोर्टाने कुठे म्हटलंय?" मोबाइलवाल्याने चार ओळी पुन्हा वर-खाली करून पाहिल्या. तसं काही लिहिलेलं नव्हतं. पुढच्या वेळी अशी बातमी तुमच्या हातात आली तर नाव विचारण्याआधी हे विचारा: फिर्याद कधी झाली, कुणी लिहिली, आणि तिने आधी काय सांगितलं होतं? उत्तर मिळेपर्यंत त्या मुलीबद्दल आणि त्या मुलाबद्दल गप्प बसणं, हीसुद्धा गवाहीच आहे.

घनसावंगी, जि. जालना